द्यूताच्या जुन्या कथा आणि आजची मुलं: नेमकं काय वाचून दाखवावं?

पाटीपेन्सिल (धागाकर्ता)

आमच्या वाचनालयाच्या युवा गटासाठी दीड तासाचं एक सत्र ठरलं आहे. मुलं-मुली साधारण पंचवीस, वय 16 ते 20. विषय मोबाइलवरचा पैशांचा जुगार. ऑगस्ट 2025 मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा केला. पण बंदीने दुकान बंद होतं, ओढ जात नाही.

सत्राला आधार म्हणून आपल्या जुन्या कथा घ्यायच्या आहेत. "बघा, धर्मराजासारख्याचं काय झालं" एवढं सांगितलं तर मुलं पाच मिनिटांत मोबाइल काढतील. माझं मत असं की कथेचं तात्पर्य सांगूच नये. माणूस एकेक पायरी कसा उतरतो, घरचे कुठे काय करतात, कोण कधी गप्प बसतं, एवढं मूळ मजकुरातून दाखवावं. या कथांमध्ये तो तपशील भरपूर आहे.

डोळ्यांसमोर तीन गोष्टी आहेत: ऋग्वेदातलं अक्षसूक्त, महाभारतातलं नलोपाख्यान (नल-दमयंतीची कथा) आणि सभापर्वातलं द्यूत. कुठला भाग घ्यावा, कोणत्या क्रमाने, आणि कुठे घसरायला होतं, हे जाणकारांनी सांगावं.

---

बेहडा

सुरुवात अक्षसूक्ताने करा (मंडल 10, सूक्त 34). चौदाच ऋचा आहेत, अर्थासकट दहा मिनिटांत होतात. मोठा फायदा हा की यात ना राजा आहे ना देवाचा शाप. एक जुगारी स्वतःबद्दल बोलतो आहे.

सगळ्या ऋचा वाचू नका. या पाच घ्या.

दुसरी: बायको कधी रागावली नाही, माझ्याशी आणि माझ्या मित्रांशी चांगलीच वागली, आणि एका फाशापायी मी तिला दूर केलं.
चौथी: आई, बाप, भाऊ म्हणतात, "न जानीमो नयता बद्धमेतम्". आम्ही याला ओळखत नाही, बांधून न्या.
पाचवी: आता खेळायचं नाही असं ठरवतो, पण फासे पडल्याचा आवाज आला की पाय तिकडेच वळतात.
सातवी: फासे मधाने माखलेले असतात. जिंकणाऱ्याला देतात ते लहान मुलाने दिल्यासारखं, परत हिसकावून घेण्यासाठी.
दहावी: कर्ज झालंय, भीती वाटते, पैसा हवाय, म्हणून रात्री दुसऱ्याच्या घराकडे जातो.

सातवी ऋचा वाचून झाल्यावर जरा थांबा. नव्या खेळाडूला आधी थोडं जिंकू द्यायचं आणि मग ओढायचं, ही युक्ती मुलांना कुणी समजावून सांगायला नको.

तेरावी ऋचा (अक्षैर्मा दीव्यः कृषिमित्कृषस्व) सगळ्यात प्रसिद्ध आहे, म्हणून लोक तिथूनच सुरू करतात आणि चुकतात. फासे खेळू नकोस, शेती कर, हा उपदेश आधी आला की पुढचं कुणी ऐकत नाही. ती शेवटी ठेवा, किंवा ठेवूच नका.

---

गावकूस

+1. वाचनखूण साठवली.
एक शंका. हे लोक खेळत काय होते? डोळ्यांसमोर सारीपाट आणि चौकोनी लांब फासे येतात.

---

आकडेमोड

@गावकूस, वेदातले फासे म्हणजे बेहड्याची फळं. तोच बेहडा, त्रिफळा चूर्णातला. आठव्या ऋचेत फाशांच्या घोळक्याचा आकडाही आहे, 'त्रिपञ्चाशः'. बहुतेक अभ्यासक तो तीन पन्नास म्हणजे 150 असा घेतात, काही 53.

डावाचे नियम कोणत्याच ग्रंथात सलग दिलेले नाहीत. वेगवेगळे उल्लेख जुळवून अभ्यासकांनी साधारण असं मांडलं आहे: ढिगातून फळं उचलायची किंवा टाकायची आणि चारचारने मोजायची. काही उरलं नाही तर कृत, तीन उरली तर त्रेता, दोन उरली तर द्वापर, एक उरलं तर कली. कृत सर्वांत चांगला डाव, कली सर्वांत वाईट. म्हणजे ढीग बघताक्षणी संख्या ओळखणारा माणूस जिंकणार. नलाला पुढे अयोध्येच्या ऋतुपर्ण राजाकडून मिळते ती अक्षहृदय विद्या हीच. रस्त्यातल्या बेहड्याच्या दोन फांद्यांवर पाच कोटी पानं आणि 2095 फळं आहेत, असं ऋतुपर्ण धावत्या रथातून सांगतो. नल तिथेच रथ थांबवून झाड तोडतो, मोजतो आणि मगच मानतो. हा प्रसंग मुलांना नक्की आवडेल.

विराटपर्वात मात्र वैडूर्याचे, सोन्याचे, हस्तिदंताचे फासे-सोंगट्या येतात. तेव्हा सगळीकडे एकच खेळ होता असं धरू नका.

---

सांजवात

धागा आवडला, पण युधिष्ठिराला व्यसनी म्हणून उभं करणं मला पटत नाही. धृतराष्ट्राचं बोलावणं होतं, आणि बोलावलं तर मागे फिरणार नाही असं त्याचं व्रत होतं. शकुनीचे फासे तर बापाच्या हाडांचे होते. समोरचा जादू करत असेल तर हरणाऱ्याचा काय दोष?

---

रेवाकाठ

@सांजवात, व्रताचं बरोबर आहे, सभापर्वात ते आहे. हाडांच्या फाशांची गोष्ट मात्र संस्कृत महाभारतातली नाही, ती लोककथांतून आणि टीव्हीमुळे घरोघरी पोचली. मुळात शकुनी हा फाशांत पटाईत आणि कपट करणारा माणूस आहे, बस. सत्रात हाडांची गोष्ट आली तर नुकसान होईल, कारण जादू म्हटलं की शिकण्यासारखं काही उरत नाही.

मजकुरात त्याहून कामाची गोष्ट आहे. डाव सुरू होताना दुर्योधन म्हणतो, पैसा आणि रत्नं मी देईन, माझ्या वतीने मामा खेळेल. युधिष्ठिर तिथेच म्हणतो की एकाने दुसऱ्यासाठी खेळणं मला बरोबर वाटत नाही. आणि तरीही बसतो! पैसा एकाचा, हात तरबेज माणसाचा, आणि समोर हौशी खेळाडू. आक्षेप घेऊनही न उठणं ही पहिली पायरी.

व्यसनाबद्दल म्हणाल तर खुद्द युधिष्ठिराचा जबाब आहे. वनपर्व, अध्याय 35 (भांडारकर संस्थेची चिकित्सक आवृत्ती). भीम तोडून बोलतो तेव्हा तो कबूल करतो की दुर्योधनाचं राज्य घ्यावं या इच्छेनेच मी फासे हाती घेतले. पुढे म्हणतो, शकुनीला हवे तसेच सम-विषम फासे पडताहेत हे दिसत होतं, तेव्हा स्वतःला आवरता आलं असतं, पण "मन्युस्तु हन्ति पुरुषस्य धैर्यम्". संताप धीर खाऊन टाकतो.

हरल्यावर चिडून खेळत राहणं याला आजचे समुपदेशक हार भरून काढण्याचा पाठलाग म्हणतात. सत्रात एकच श्लोक फळ्यावर लिहायचा असेल तर हा लिहा. बाकी कुठलाही उपदेश दुसरा कुणीतरी करतो, हे हरलेला माणूस स्वतः बोलतो आहे.

---

सांजवात

वनपर्वातला हा भाग खरंच लक्षात नव्हता. जबाबच आहे तर माझा आक्षेप मागे. व्रताचा उल्लेख मात्र करा, नाहीतर एकतर्फी होईल.

---

कोर्टकचेरी

सभापर्वातला माझा आवडता माणूस विकर्ण. कौरवांपैकी एक, वयाने लहान. भीष्म "धर्म सूक्ष्म आहे" म्हणून थांबतात, द्रोण-कृप गप्प, आणि हा उठून मुद्दे मांडतो. क्रम बघा.

1. शिकार, मद्य, द्यूत आणि विषयासक्ती ही राजांची चार व्यसनं. त्यांत अडकलेल्याने केलेला व्यवहार लोक केला असं मानत नाहीत.
2. द्रौपदी पाचही जणांची पत्नी, एकट्याने तिला कसं लावलं?
3. युधिष्ठिर आधी स्वतःला हरला होता, त्यानंतर तिला लावलं.
4. पणाला तिचं नाव शकुनीनेच सुचवलं.

तिसरा मुद्दा मुळात द्रौपदीचा. दुर्योधनाचा निरोप्या प्रातिकामी न्यायला येतो तेव्हा ती विचारते, आधी स्वतःला हरलास की मला? चौथा मुद्दा मला सर्वांत आधुनिक वाटतो. स्वतःला हरल्यावर खेळ संपायला हवा होता. तेव्हा शकुनी म्हणतो, "शिष्टे सति धने राजन् पाप आत्मपराजयः", धन शिल्लक असताना स्वतःला हरणं पाप, आणि लगेच द्रौपदीचं नाव घेतो. पुढचा पण काय लावायचा हे जिंकणारा सुचवतोय. वॉलेट रिकामं झालं की पडद्यावर 'आणखी पैसे भरा'चं बटण येतं, तेच हे.

मुलांना हेही सांगा: भारतीय करार कायदा, 1872, कलम 30 प्रमाणे पैजेचा करार रद्दबातल असतो. जिंकलेली पैज कोर्टातून वसूल करता येत नाही. ॲपने जिंकलेले पैसे अडवले तर दाद कुठे मागणार, हा प्रश्न मुलांच्या लगेच ध्यानात येतो.

---

विदर्भकन्या

सगळे सभेत अडकलात, दमयंतीकडे कुणी बघेना! घरातल्या माणसाने काय करायचं याचं इतकं व्यवस्थित वर्णन मला दुसरीकडे आढळलं नाही. चिकित्सक आवृत्तीत नलोपाख्यान म्हणजे वनपर्वातले अध्याय 50 ते 78. तुम्हाला लागतील फक्त 56, 57 आणि 58.

नल आणि त्याचा भाऊ पुष्कर यांचा खेळ अनेक महिने चालतो, हे आधी सांगा. एका रात्रीत काही होत नाही, तिला वेळ मिळतो. मग ती काय करते?

आधी नगरजन आणि मंत्री दाराशी येतात, ती नलाला सांगते, भेट म्हणते. तो उत्तरच देत नाही. लोक मान खाली घालून परत जातात.

मग ती बृहत्सेना या दाईला पाठवते: मंत्र्यांना बोलाव आणि काय गेलं, काय शिल्लक आहे ते त्यांना सांग. हिशोब! रडारड नाही, शिव्याशाप नाहीत. मंत्री दुसऱ्यांदा येतात, नल तरीही बघत नाही.

तिसऱ्या वेळी ती नलाला समजवायला जातच नाही. सारथी वार्ष्णेयाला बोलावते, दोन्ही मुलं रथात घालते आणि माहेरी कुंडिनपुराला धाडते. मुलं, रथ आणि घोडे माझ्या माणसांकडे ठेव, मग तू तिथे राहा किंवा वाटेल तिथे जा, असं सांगते. पुष्कर सगळं जिंकतो तेव्हा मुलं त्याच्या आवाक्याबाहेर गेलेली असतात, आणि रथ-घोडेही.

दोनदा समजावलं, तिसऱ्यांदा जे वाचवता येईल ते हलवलं. आजच्या घरात याचा अर्थ मुलांच्या शिक्षणाची ठेव, दागिने, घराची कागदपत्रं. समजावण्यात वर्ष घालवणारी घरं इथेच बुडतात.

अवांतर: कुंडिनपूर म्हणजे अमरावती जिल्ह्यातलं वर्धा नदीकाठचं कौंडिण्यपूर असं मानतात. रुक्मिणीचं माहेरही तेच.

---

गावकूस

ही दमयंती शाळेत कुणी शिकवली नाही. हंस तेवढा आठवतो.

---

सडेतोड

विदर्भकन्या यांचा प्रतिसाद उत्तम. पण नलकथेचा शेवट या मुलांसमोर घातक आहे, हे कुणीतरी बोललंच पाहिजे.

शेवटी काय होतं? नल अक्षहृदय शिकतो, परत येतो, पुष्कराला पुन्हा खेळायला बोलावतो आणि एका डावात सगळं राज्य परत मिळवतो. प्रत्येक हरलेल्या जुगाऱ्याचं स्वप्न हेच! "आता मला ट्रिक कळली, एकदाच खेळतो, सगळं परत आणतो." शिवाय पहिल्या वेळी पुष्कर दमयंतीला लाव म्हणाला तेव्हा नल काही न बोलता अंगावरचे दागिने उतरवून निघून गेला होता. शेवटच्या डावात मात्र कमावलेल्या धनाबरोबर तो स्वतःच दमयंतीला पणाला लावतो (अध्याय 77). हे झाकून कथा सांगणं अप्रामाणिकपणाचं, आणि उघड सांगितलं तर चुकीचा धडा मिळणार.

---

विदर्भकन्या

@सडेतोड, दमयंती पणाला लागते हे खरं आहे आणि ते झाकू नये. पण नल तिथे पर्यायही देतो: एक डाव खेळ, नाहीतर द्वंद्वयुद्ध कर. डाव एकच, हे आधी ठरवतो. जिंकल्यावर पुष्कराला त्याचा वाटा देऊन सोडतो आणि पुन्हा फाशांना हात लावत नाही.

---

सडेतोड

"एकच डाव" हे वाक्य कुठला जुगारी म्हणत नाही? तो जिंकला म्हणून शहाणा ठरला. हरला असता तर?

---

रेवाकाठ

दोघांच्याही म्हणण्यात तथ्य आहे, आणि उत्तर कथेच्या चौकटीत सापडतं. नलाची कथा बृहदश्व ऋषी सांगतात ती युधिष्ठिराला, वनवासात. कथा संपल्यावर ते त्याला अक्षहृदय विद्या देतातही (अध्याय 78). म्हणजे नलाकडे होतं ते सगळं आता युधिष्ठिराकडे आहे. तेरा वर्षांनी तो शकुनीला पुन्हा डावाला बोलावतो का? नाही. दूत पाठवतो, पाच गावं मागतो, शेवटी युद्ध करतो, पण फाशांनी राज्य परत मिळवायचा विचार करत नाही.

विद्या वापरतो ती विराटाच्या दरबारी कंक होऊन, पोटासाठी. तिथे जिंकलेलं धन भावांना गुपचूप देतो, हेही सांगावं, नाहीतर फार सोवळं चित्र होईल. आणि विराट खेळायला बसवतो तेव्हा कंक त्याला म्हणतो, द्यूतात दोष फार, युधिष्ठिर राज्य हरला ते ऐकलं असशील ना? स्वतःचंच उदाहरण परक्यासारखं देतो. त्याच बैठकीत बोलाचाली होऊन विराट त्याच्या तोंडावर फासा फेकून मारतो आणि रक्त येतं (विराटपर्व 63).

म्हणून नल आणि युधिष्ठिर शेजारी ठेवा. विद्या एकच, एक पुन्हा बसला, एक बसला नाही. उत्तर मुलांना काढू द्या.

---

सडेतोड

हे चालेल. नुसता नल सांगून सोडू नका, एवढंच म्हणणं होतं.

---

आकडेमोड

कथा झाल्या, आता वीस मिनिटं हाताला काम द्या. दोन प्रयोग सुचवतो.

पहिला, अर्थशास्त्रातल्या द्यूताध्यक्षाचा (अधिकरण 3, अध्याय 20). कौटिल्य जुगार एकाच ठिकाणी, सरकारी देखरेखीखाली चालवतो. दुसरीकडे खेळणाऱ्याला 12 पण (तेव्हाचं नाणं) दंड. जिंकलेल्या रकमेतून अध्यक्ष शेकडा 5 घेतो. फाशांचं भाडं, पाणी आणि जागा यांचे पैसे वेगळे. दोन मुलांना प्रत्येकी 1000 ची खोटी नोट-थप्पी द्या, तिसरा अध्यक्ष. दर डावाला 100 लावायचे, नाणं उडवायचं, जिंकणाऱ्याच्या 100 मधले 5 अध्यक्षाला. खेळ अगदी समसमान, कपट शून्य. तरी 100 डावांनंतर दोघांच्या मिळून 2000 मधले 500 अध्यक्षाकडे गेलेले असतात. प्रत्यक्षात शंभर डाव वेळेत होणार नाहीत. 20 खेळवा, मग गुणाकार करायला लावा. पाचच्या नोटा पुरेशा ठेवा, सुट्ट्यांवर खेळ अडला की गंमत जाते.

दुसरा, हरलं की दुप्पट लावायची पद्धत. 10 पासून सुरुवात केली तर सलग सात हारांत 10+20+40+80+160+320+640 = 1270 जातात. आठव्या वेळी 1280 लावायचे, आणि जिंकलं तरी एकूण नफा 10. "सलग सात वेळा कोण हरतं?" असं मुलं म्हणतातच. 200 नाणेफेकींत कुठेतरी सलग सात हार येण्याची शक्यता निम्म्याहून थोडी जास्त असते.

---

पारावरून

अवांतर आहे, पण राहवत नाही. बलिप्रतिपदेला द्यूतप्रतिपदाही म्हणतात आणि शिवपार्वतीच्या सारीपाटाची कथा त्या दिवशी सांगतात. वेरूळच्या 21 क्रमांकाच्या लेण्यात ते शिल्प आहे. वर शिवपार्वती खेळताहेत, खाली नंदी आणि गण. मग देव खेळतात ते चालतं का, असं एखादा विचारणारच. तयारी ठेवा.

---

कोर्टकचेरी

@पारावरून, घरात कवड्या खेळणं आणि पैसे लावून खेळणं यांत नवा कायदाही फरक करतो. पैसे न लावता खेळायचे खेळ आणि ई-स्पोर्ट्स चालतात. शिक्षा आहे ती पैशांचा खेळ चालवणाऱ्याला, त्याची जाहिरात करणाऱ्याला आणि त्याचे पैशांचे व्यवहार हाताळणाऱ्याला. शिवपार्वतीची पाटी कोरी!

---

समई

समुपदेशनाच्या बाजूने थोडं. पंचवीस मुलांत एखाद्याच्या घरी हे चालू असण्याची शक्यता धरूनच चला. म्हणून "कुणाकुणाला अनुभव आहे, हात वर करा" हे अजिबात नको. "युधिष्ठिर मूर्ख होता" हेही नको. ज्याचा बाप खेळतो त्याला ते बापाला म्हटल्यासारखं लागतं. चौथ्या ऋचेतलं "आम्ही याला ओळखत नाही" वाचताना आवाज मऊ ठेवा.

द्रौपदीचे वर जरूर घ्या. धृतराष्ट्र तीन देऊ करतो, ती दोनच घेते: आधी युधिष्ठिराची सुटका, मग उरलेल्या चौघांची, रथ आणि शस्त्रांसह. तिसरा नाकारते. सगळं परत मिळतं. आणि मग पुन्हा बोलावणं येतं, युधिष्ठिर विनाश दिसत असूनही जातो, एका डावात बारा वर्षं वनवास आणि एक वर्ष अज्ञातवास. घरच्यांनी एकदा कर्ज फेडलं म्हणजे प्रश्न संपला असं नसतं, ते इथे आहे. बहुतेक सांगणारे वस्त्रहरणावर थांबतात आणि अनुद्यूत, म्हणजे हा दुसरा डाव, राहून जातं.

'टेलिमानस' या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा क्रमांक फळ्याच्या कोपऱ्यात सुरुवातीपासून लिहून ठेवा. शेवटी घाईत सांगितलेला नंबर कुणी टिपत नाही, आणि टिपताना इतर बघतात म्हणून ज्याला गरज आहे तो तर नाहीच टिपत.

---

पाटीपेन्सिल (धागाकर्ता)

सर्वांचे मनापासून आभार. दीड तासाची मांडणी अशी करतो आहे:

अक्षसूक्त, पाच ऋचा: 10 मिनिटं
दमयंतीचे तीन टप्पे: 15
सभापर्व, "तू आक्षेप घेतलास, मग बसलास का?" इथून विकर्णापर्यंत: 20
नाणेफेक: 20
द्रौपदीचे वर, अनुद्यूत आणि वनपर्वातला जबाब: 10
नल पुन्हा बसला, युधिष्ठिर बसला नाही, यावर चर्चा: 15

काही चुकतंय का?

---

बेहडा

नाणेफेक सभापर्वाच्या आधी घ्या. आकडे हातून गेल्यावर शकुनीचं "जितम्" (जिंकलं) वेगळं ऐकू येतं. आणि ते "जितम्" दर पणानंतर एकाच मुलाकडून मोठ्याने म्हणवून घ्या. युधिष्ठिर पहिल्या द्यूतात एकही पण जिंकत नाही, हे सांगावं लागणार नाही.

---

विदर्भकन्या

उतारे छापून द्याल तर दमयंतीचा आणि विकर्णाचा एकाच कागदाच्या दोन बाजूंना छापा, मुलं घरी नेतील. संस्कृत ओळ एखादीच, बाकी साधं मराठी, अक्षर मोठं. आणि चर्चेला 15 मिनिटं पुरणार नाहीत, ऋचांमधली एक कमी करा.

---

पाटीपेन्सिल (धागाकर्ता)

बदल केले. दुसरी ऋचा वगळली, नाणेफेक वर घेतली. कागद उद्या छापायला देतो.